पट्टेरी मण्यार: बोडीच्या पाळीवर राहणारा सापखाऊ साप

गोंदिया-भंडाऱ्याच्या धानपट्ट्यातून आलेला प्रश्न थोडक्यात असा: शेतातल्या बोडीच्या (पाणी साठवायच्या लहान तळ्याच्या) पाळीवर, म्हणजे मातीच्या बांधावर, अंधार पडल्यावर पिवळे-काळे पट्टे असलेला मोठा साप दोन-तीनदा दिसला. तो पळाला नाही, फुत्कारला नाही, डोके वेटोळ्याखाली घालून पडून राहिला. गावात कुणी म्हणते हा चावतच नाही, कुणी म्हणते याच्या विषाला उतारच नाही. घरात शिरून झोपलेल्या माणसाला चावतो तो मण्यार हाच का? तो पाळीवरच का दिसतो? आणि पाळ जाळून, बिळे बुजवून त्याला घालवावे का?

तुम्ही पाहिलात तो पट्टेरी मण्यार. काही भागांत त्याला आग्या मण्यार म्हणतात. शास्त्रीय नाव बंगारस फॅसिएटस. घरात शिरणारा साधा मण्यार (बंगारस सिरुलियस) याच कुळातला आहे, पण तो वेगळा साप आहे. त्याचे राहणे वेगळे, खाणे वेगळे, माणसाशी गाठ पडण्याची तऱ्हाही वेगळी. पट्टेरी मण्यार विषारी आहे यात शंका नाही. तो क्वचितच चावतो हेही खरे. पण क्वचित चावणे आणि न चावणे यांत जो फरक आहे, तो एखाद्याच्या जिवावर बेतू शकतो. म्हणून जरा सविस्तर लिहितो.

ओळखीपासून सुरुवात करू. मण्यारांच्या साधारण दीड डझन जाती आशियात आहेत, आणि पट्टेरी मण्यार त्यांत सर्वांत मोठा. पूर्ण वाढलेला साप बहुधा दीड मीटरच्या आसपास असतो. सव्वादोन मीटरपर्यंतच्या नोंदी आहेत. अंगावर काळे आणि पिवळे पट्टे एकाआड एक, जवळपास सारख्याच रुंदीचे. हे पट्टे पाठीपुरते नसतात, पोटाखालून पूर्ण वळसा घेतात. पिवळा रंग प्रत्येकात सारखा नसतो. काहींत तो हळदीसारखा उठून दिसतो, काहींत फिकट, मळकट असतो. डोके काळे, मानेपेक्षा किंचितच रुंद. माथ्यावरून मानेच्या दोन्ही बाजूंना उतरणारी पिवळी खूण असते, वरून पाहिल्यास बाणाच्या टोकासारखी. डोळे लहान आणि काळेभोर.

रंगापेक्षा मी भरवसा ठेवतो तो अंगाच्या घडणीवर. या सापाची पाठ गोल नसते. मणक्यांचे वरचे काटे उंच असल्यामुळे पाठीच्या मधोमध धार उभी राहते आणि दोन्ही कुशी उतरत्या होतात, कौलारू घराचे आढे असते तशा. आडवा छेद घेतला तर जवळजवळ त्रिकोण मिळेल. धामण, पाणदिवड, कवड्या, कुणाच्याच अंगाला अशी धार नसते. साप उपाशी आहे म्हणून हाडे वर आली असावीत, असे काही जणांना वाटते. तसे नाही, धडधाकट सापाचीही पाठ अशीच असते. दुसरी खूण शेपटी. ती निमुळती होत टोकदार होत नाही, आखूड राहते आणि बोथट, गोलसर टोकाशी संपते. लांबून पाहणाऱ्याला तिथे दुसरे डोके आहे असा भास होतो. सापाचे स्वतःचे डोके वेटोळ्याखाली असले तर हा गैरसमज हमखास होतो.

जवळून पाहिलेल्या मेलेल्या सापात किंवा स्पष्ट फोटोत आणखी एक गोष्ट तपासता येते. पाठीच्या धारेवरची खवल्यांची ओळ शेजारच्या ओळींपेक्षा मोठी आणि षटकोनी असते, आणि शेपटीखालचे खवले दुभागलेले नसतात. या दोन खुणा साध्या मण्यारलाही लागू आहेत. मेलेल्या सापाला तपासतानासुद्धा तोंडाजवळ बोट नेऊ नका. मेल्यानंतरही काही वेळ जबडा प्रतिक्षिप्तपणे मिटू शकतो.

आता गल्लत कशाशी होते ते. साधा मण्यार काळा किंवा निळसर काळा असतो. त्यावर बारीक पांढरे आडवे पट्टे, बहुधा जोडीजोडीने, आणि पोट पांढरे. त्याचे पट्टे शेपटीकडे ठळक असतात आणि मानेकडे विरत जातात. कवड्यात उलट असते: मानेपासूनच पट्टे ठळक, शेपटीकडे पुसट. कवड्या बिनविषारी आहे. घरात सापडणाऱ्या सापांत मण्यार समजून सर्वाधिक मारला जातो तो हाच. याच्याच जवळचा पट्टेरी कवड्या हा लहानखुरा, काळ्या अंगावर पांढरट-पिवळट आडव्या रेघांचा साप. पट्टेरी मण्यारचे पिल्लू समजून लोक त्याला मारतात, पण त्याच्या पाठीला धार नसते आणि शेपटी टोकदार असते. ओळखीची इतकी चर्चा पुरे, कारण या सापाची खरी गंमत त्याच्या पोटात आहे.

पट्टेरी मण्यार प्रामुख्याने साप खातो. नानेटी, पाणदिवड, धामणीची पिल्ले, प्रसंगी लहान अजगरसुद्धा. सापांची अंडी, सापसुरळ्या, बेडूक, मासे हेही त्याला चालतात, पण ताटातला मुख्य पदार्थ साप. याला शरीररचनेची जोड आहे. मण्यारचे डोके अरुंद, दात आखूड आणि जागीच घट्ट. घोणशीसारखा मोठा जबडा उघडून जाडजूड उंदीर गिळणे त्याला अवघड. साप मात्र लांब आणि सडपातळ असतो. स्वतःच्या अंगाच्या जाडीत मावणारे आणि तरीही भरपूर मांस देणारे भक्ष्य म्हणजे दुसरा साप. एक मोठी पाणदिवड मिळाली की पुढे बरेच दिवस शिकारीला बाहेर पडण्याची गरज नाही.

शिकारीची पद्धत आहाराला साजेशी आहे. हा साप वेगवान नाही. रात्री हळूहळू, जीभ लवलवत, बिळाबिळातून आणि पाण्याच्या कडेकडेने वास घेत फिरतो. शेतातले बरेच साप दिवसा हिंडतात आणि रात्री बिळात, मुळांच्या पोकळीत, गवताच्या बुंध्याशी निपचित पडलेले असतात. पट्टेरी मण्यार नेमका त्या वेळी तिथे पोचतो. चावल्यावर घोणस भक्ष्याला सोडून देते आणि मग माग काढते. हा धरून ठेवतो. विष भिनून भक्ष्याची हालचाल मंदावली की डोक्याकडून गिळायला लागतो. आखूड दात आणि मज्जासंस्थेवर चालणारे विष यांची सांगड इथे दिसते: भक्ष्य पळून जाऊ नये, उलटून चावू नये, म्हणून त्याचे स्नायू लवकरात लवकर बंद पाडायचे.

एवढे ध्यानात घेतले की "तो बोडीच्या पाळीवरच का?" हा प्रश्न जवळपास सुटतो. पट्टेरी मण्यारला पाण्याची ओढ आहे असे लिहिलेले असते. ते खरे आहे, पण माझ्या मते ते कारण नव्हे, परिणाम आहे. पाण्यात बेडूक आणि मासे, त्यांच्या मागे पाणदिवड आणि नानेटी, धान्याच्या मागे उंदीर, उंदरांच्या मागे धामण, आणि या सगळ्या सापांच्या मागे पट्टेरी मण्यार. धानाची बांधी (खाचर), तिच्या कडेचा धुरा (बांध), वरच्या अंगाला बोडी किंवा जुन्या मालगुजारांच्या काळातला मालगुजारी तलाव, मध्ये वारुळे आणि सिंदीची झुडपे. पूर्व विदर्भातली ही रचना सापखाऊ सापासाठी यापेक्षा चांगली असू शकत नाही. बेडूक खाणारे साप जिथे दाटीने राहतात, तिथे त्याचे पोट भरते.

राहायला तो स्वतः बीळ खोदत नाही. उंदरांची सोडलेली बिळे, वारुळातली पोकळी, पाळीवरच्या दगडांच्या फटी, झाडाच्या मुळांखालची जागा तो वापरतो. वारुळाला त्याची विशेष पसंती आहे. आत ओलावा टिकतो, उन्हाळ्यातही तापमान फार वर-खाली होत नाही, आणि पावसाळ्यात बांध्या पाण्याखाली गेल्या तरी वारूळ व पाळ कोरडी राहते. थायलंडच्या ईशान्य भागातल्या साकेरात जीवावरण क्षेत्रात संशोधकांनी या सापांच्या शरीरात रेडिओ ट्रान्समीटर बसवून त्यांचा माग घेतला. शेतीच्या प्रदेशात राहूनही हे साप नांगरटीच्या उघड्या भागापेक्षा शेताच्या कडेचे, माणसाने फारसे न ढवळलेले तुकडे पसंत करताना दिसले. आपल्याकडेही माझे निरीक्षण तेच सांगते. शंभर एकरांच्या शिवारात त्याला लागणारी जागा म्हणजे धुरे, पाळी, नाल्याचा काठ आणि दोन-चार वारुळे.

भौगोलिक पसारा मोठा आहे. पूर्व आणि ईशान्य भारत, बांगलादेश, म्यानमार, थायलंड, लाओस, कंबोडिया, व्हिएतनाम, दक्षिण चीन, मलेशिया, आणि पुढे सुमात्रा, जावा, बोर्निओपर्यंत. अलीकडच्या जनुकीय अभ्यासांतून असे दिसले आहे की इतक्या मोठ्या पट्ट्यात एकाच नावाने ओळखल्या जाणाऱ्या या सापांत एकमेकांपासून बराच काळ वेगळे झालेले गट आहेत. भारत-म्यानमारकडचा एक गट, पूर्वेकडच्या मुख्य भूमीवरचा दुसरा, आणि सुमात्रा-जावा बाजूचा तिसरा. भारतात बंगाल, आसाम, ओडिशा, झारखंड, बिहार, छत्तीसगड, मध्य प्रदेशाचा पूर्व भाग, तेलंगणा-आंध्र असा तो पसरत आपल्याकडे येतो. महाराष्ट्रात तो पूर्व विदर्भाचा रहिवासी आहे: गडचिरोली, चंद्रपूर, गोंदिया, भंडारा. वर्षाला १,२०० मिलिमीटरहून अधिक पाऊस, तलाव, धान आणि साल-सागाच्या जंगलाची सोबत हे सगळे इथे एकत्र मिळते. पश्चिम महाराष्ट्रात किंवा मराठवाड्यात कुणी "पट्टेरी मण्यार पाहिला" म्हणाले, तर बहुतेक वेळा तो साधा मण्यार असतो. कोकण किनाऱ्यावर वाहून आलेला पट्ट्यांचा साप हा बहुधा समुद्रसाप असतो. त्याची शेपटी वल्ह्यासारखी चपटी असते आणि तोही विषारीच आहे.

या सापाची शास्त्रीय नोंद जुनी आहे. कोरोमंडल किनाऱ्यावरच्या सापांवर पॅट्रिक रसेल यांनी १७९६ साली जो ग्रंथ छापला, त्यात याचे चित्र आहे. त्यानंतर १८०१ मध्ये योहान श्नायडर यांनी त्याला शास्त्रीय नाव दिले. पण त्याहून जुने ज्ञान लोकांकडे होते. बंगालमध्ये त्याला शाँखामुटी म्हणतात, छत्तीसगडमध्ये अहिराज. दोन्हीकडे एक समजूत सारखी आहे: हा साप जिथे असतो तिथे बाकीचे साप कमी होतात, म्हणून त्याला मारू नये. हे शब्दशः खरे मानू नका. एक पट्टेरी मण्यार आहे म्हणून तुमच्या शेतात नाग किंवा घोणस येणार नाही, असे अजिबात नाही. पण तो साप खातो हे त्या लोकांनी पुस्तकांशिवाय पाहिले होते, आणि त्याला न मारण्याचा त्यांचा निर्णय मला मनापासून पटतो.

वर्षाचे चक्र असे. उन्हाळ्यात पाणी आटून बोड्यांच्या तळाशी जाते, तसे बेडूक-मासे आणि त्यांच्यावर जगणारे साप तिथे गोळा होतात. पट्टेरी मण्यारही त्याच काळात पाळीच्या आसपास जास्त दिसतो. पाऊस सुरू झाला की सगळेच शिवारभर पांगतात. थंडीत त्याच्या हालचाली कमी होतात. मादी एप्रिलच्या सुमारास अंडी घालते, साधारण ४ ते १४. बिळात किंवा वारुळात, ओलसर पण पाणी न साचणाऱ्या जागी. मग ती निघून जात नाही. अंड्यांभोवती वेटोळे घालून थांबते. म्यानमारमध्ये ब्रिटिश काळात आठ अंड्यांवर बसलेली मादी सापडल्याची नोंद आहे, आणि साकेरातच्या अभ्यासातही मादी अंड्यांपाशी राहिल्याचे दिसले. सुमारे दोन महिन्यांनी, म्हणजे आपल्याकडे मृगाच्या आगेमागे, पिल्ले बाहेर पडतात. तेव्हा ती साधारण ३० सेंटिमीटरची असतात. पहिल्या पावसाने छोटे बेडूक, छोट्या सापसुरळ्या आणि इतर सापांची पिल्ले यांची रेलचेल झालेली असते. वेळ अगदी नेमकी साधलेली आहे. पिल्लू पहिल्या दिवसापासून विषारी असते, "लहान आहे, काय करणार" असे म्हणू नये. साप वयात यायला तिसरे वर्ष उजाडावे लागते, तोवर त्याची लांबी ९० सेंटिमीटरच्या घरात गेलेली असते. म्हणजे मारलेला मोठा साप भरून यायला शिवाराला काही वर्षे लागतात.

आता तो पळाला का नाही, याविषयी. दिवसा किंवा प्रखर प्रकाशात पट्टेरी मण्यार अक्षरशः थिजतो. डिवचला तर वेटोळे सैल करून डोके त्याखाली दडवतो, कधी अंगाला झटके देतो, शेपटी उचलतो. पळण्याऐवजी लपण्याची ही तऱ्हा आहे. टॉर्चच्या झोतात तुम्हाला जे दिसले ते हेच. बोथट शेपटी आणि लपवलेले डोके यांमुळे हल्लेखोराचा पहिला वार चुकीच्या टोकावर पडत असावा, असे मला वाटते. गडद पट्ट्यांचे प्रयोजन काय यावर अभ्यासकांत मतभेद आहेत. विषारी असल्याची जाहिरात, की अंधुक प्रकाशात शरीराची बाह्यरेषा तोडून नजर फसवणे? मला दोन्ही एकाच वेळी शक्य वाटतात: रात्री चंद्रप्रकाशात गवतावरचे पट्टे खरोखरच सलग साप म्हणून नजरेत भरत नाहीत, आणि दिवसा तेच पट्टे दुरून इशारा देतात.

पण दिवसाच्या या सापावरून रात्रीच्या सापाचा अंदाज बांधू नका. अंधार पडल्यावर तो सावध, जागा आणि भुकेला असतो. "चावत नाही" म्हणून गळ्यात घालून फोटो काढणारी मुले मी पाहिली आहेत, आणि त्या प्रत्येक फोटोने माझ्या पोटात गोळा आला आहे. शांत प्राणी किती सहन करील याची मर्यादा त्या प्राण्यालाच ठाऊक असते. साप मनात काही धरून वागत नाही. दाबला गेला, दुखावला गेला, किंवा हाताला दुसऱ्या सापाचा वास असला तर तो चावेल.

विष कसे काम करते ते समजून घेतले की उपचारांतली घाई कशासाठी ते कळते. मेंदूचा आदेश मज्जातंतूतून स्नायूपर्यंत येतो आणि शेवटच्या सूक्ष्म फटीत ॲसिटिलकोलीन नावाचे रसायन सोडले जाते. ते पलीकडच्या स्नायूवरच्या ग्राहीला (रिसेप्टरला) चिकटले की स्नायू आकसतो. मण्यारांच्या विषातले काही घटक या ग्राहीवर जाऊन बसतात आणि रसायनाची वाट अडवतात. काही घटक अलीकडच्या बाजूला, मज्जातंतूच्या टोकावरच घाव घालतात आणि रसायन सुटणेच बंद पाडतात. पहिला अडथळा दूर होऊ शकतो. दुसऱ्यात तंतूचे टोक निकामी होते आणि ते पुन्हा वाढेपर्यंत थांबावे लागते. साध्या मण्यारच्या दंशात हा दुसरा प्रकार फार प्रबळ असतो. उशिरा आलेल्या रुग्णाला प्रतिविषाची लस देऊनही तो दिवसेंदिवस व्हेंटिलेटरवर राहतो, त्याचे कारण हे.

याच विषाने वैद्यकशास्त्राला मोठी देणगी दिली आहे. तैवानमध्ये चांग आणि ली या संशोधकांनी १९६३ साली तिथल्या बहुपट्टी मण्यारच्या विषातून अल्फा-बंगारोटॉक्सिन वेगळे केले. ते स्नायूवरच्या ग्राहीला इतके घट्ट आणि इतके नेमके चिकटते की त्याच्याच आधारे पुढे तो ग्राही वेगळा काढून अभ्यासता आला. मायस्थेनिया ग्रॅव्हिस या स्नायूंच्या आजाराचे निदान करणाऱ्या रक्ततपासणीतही त्याचा उपयोग होतो.

पट्टेरी मण्यारचे विष साध्या मण्यारच्या मानाने सौम्य आहे. उंदरांना त्वचेखाली टोचून केलेल्या प्रयोगांत साध्या मण्यारच्या विषाची घातक मात्रा किलोमागे ०.४ मिलिग्रॅमच्या आत येते, तर पट्टेरी मण्यारची अडीच ते साडेतीन मिलिग्रॅमच्या आसपास. हा आकडा वाचून निर्धास्त होऊ नका. एक तर माणूस उंदीर नव्हे. दुसरे, हा साप आकाराने मोठा आहे आणि एका वेळी कितीतरी जास्त विष सोडू शकतो. तिसरे आणि सर्वांत महत्त्वाचे कारण लशीचे आहे.

भारतात मिळणारी बहुगुणी प्रतिविषाची लस चार सापांच्या विषापासून बनते: नाग, साधा मण्यार, घोणस, फुरसे. पट्टेरी मण्यार त्या यादीत नाही. थायलंडमध्ये रेड क्रॉसची क्वीन सावोभा संस्था खास या सापासाठी लस बनवते. आपल्याकडे तशी लस नाही. त्यामुळे "इलाजच नाही" म्हणणाऱ्यांचे बोलणे या एका बाबतीत अर्धे खरे ठरते: उपलब्ध लशीवर पूर्ण भिस्त ठेवता येत नाही. उरलेले अर्धे खोटे आहे, आणि ते ठामपणे सांगायला हवे. या विषाने माणूस दगावतो तो मुख्यतः श्वासाचे स्नायू थकून बंद पडल्यामुळे. श्वास यंत्राने चालू ठेवला तर शरीराला सावरायला वेळ मिळतो आणि रुग्ण वाचतो.

दंश झालाच तर जागेवर सूज किंवा आग फारशी नसते, त्यामुळे लोक थांबून राहतात. हीच जीवघेणी चूक. पापण्या जड होणे, एकाचे दोन दिसणे, जीभ जड पडणे, थुंकी गिळता न येणे, मान धरवत नाही असे होणे, आणि मग छातीची हालचाल मंदावणे, असा क्रम असतो. ही लक्षणे काही तास उशिराही सुरू होऊ शकतात. रुग्णाला चालवू नका. चावलेला हात किंवा पाय फळी बांधून स्थिर ठेवा, अंगठी-जोडवी-कडे काढा. कापणे, चोखणे, करकचून दोरी आवळणे, जडीबुटी, मंत्र यांतले काही नको. १०८ वर फोन करा आणि शक्यतो व्हेंटिलेटर असलेल्या रुग्णालयाकडे निघा. जवळच्या केंद्रात आधी पोचलात, तर श्वास अडू लागला की फुगा दाबून श्वास देत पुढे नेता येते. हे तिथल्या डॉक्टरांना आणि तुम्हालाही माहीत असू द्या. सापाचा फोटो सहज मिळाला तर घ्या, नाही तर पट्टे आणि रंग सांगा. सापाच्या मागे धावण्यात वेळ घालवू नका. आणखी एक गोष्ट नातेवाइकांनी लक्षात ठेवावी. पूर्ण लुळा पडलेला, डोळे न हलवणारा, बाहुल्या विस्फारलेला रुग्ण मेल्यासारखा दिसतो. तो शुद्धीवर असू शकतो आणि सगळे ऐकत असू शकतो. श्वास देणे थांबवायचे नाही.

आता घराचा मुद्दा. साधा मण्यार पाली, उंदीर आणि लहान सापांच्या मागे घरात येतो आणि जमिनीवर झोपलेल्या माणसाच्या अंथरुणात सापडतो. त्याचे बहुतेक दंश तिथले. पट्टेरी मण्यार घरात क्वचित येतो. त्याची गाठ पडते ती रात्री पाणी द्यायला जाताना, मासे धरताना, तणसाच्या (पेंढ्याच्या) ढिगाजवळ किंवा रस्त्यावर. डांबरी रस्त्यावर तो हळू चालतो, दिव्यांच्या झोतात थबकतो आणि गाडीखाली येतो. पावसाळ्याच्या रात्री तलावाशेजारच्या रस्त्यावर गाडी जरा सावकाश चालवली तर एक साप वाचेल. पाळीवरून जाताना टॉर्च आणि पायात गमबूट, एवढे पुरते. बिळात, वारुळात हात घालू नका. खेकडे धरणाऱ्या पोरांना हे आवर्जून सांगा. बोडीच्या काठावर टाकून दिलेली नायलॉनची फाटकी जाळी गोळा करून घ्या. त्यात पाणदिवड अडकते, तिच्या वासाने हाही येऊन अडकतो, आणि मग सोडवायला जाणाऱ्याला धोका होतो. साप घराजवळ आला तर स्वतः पकडू नका. वन विभागाचा १९२६ हा मदत क्रमांक आहे, किंवा प्रशिक्षित सर्पमित्राला बोलवा. वन्यजीव संरक्षण कायदा १९७२ नुसार त्याला मारणे किंवा पकडून ठेवणे गुन्हा आहे.

पाळ जाळण्याबद्दल माझे मत स्पष्ट आहे: जाळू नका. जाळल्याने नानेटी, सरडे, बेडूक, अंडी सगळे एकदम जाते. बिळात खोल बसलेला मण्यार बहुधा वाचतो आणि दुसऱ्या दिवशी आडोसा शोधत दुसरीकडे, कदाचित तुमच्या गोठ्याकडे निघतो. उंदीर मात्र पंधरवड्यात परत येतात, आणि त्यांना खाणारी धामण तोवर गेलेली असते. तुमच्या जाण्यायेण्याच्या बाजूने पाळीचे गवत हातभर रुंदीने कापून वाट मोकळी ठेवा, घराच्या आणि गोठ्याच्या भिंतींजवळची बिळे बुजवा, पलीकडची बाजू तशीच राहू द्या. पाळीची दुरुस्ती, गाळ काढणे ही कामे शक्य असेल तर मार्चअखेर उरका. एप्रिल ते जून या काळात खोदावेच लागले, तर मशीन लावण्याआधी वारूळ आणि मोठी बिळे बाजूला ठेवून आखणी करा. खोदताना पांढरी, मऊ कातड्यासारख्या कवचाची अंडी उघडी पडली तर हात लावू नका, मादी जवळच असण्याची शक्यता मोठी आहे. काम थांबवून १९२६ वर कळवा. अंडी उलटीपालटी झाली तर आतले पिल्लू मरू शकते, म्हणून माणसे येईपर्यंत फावड्याच्या लांब दांड्याने सैल माती त्यांच्यावर हलकेच ओढून ठेवा आणि मजुरांना पाळीच्या दुसऱ्या टोकाला कामाला लावा.